वाचकांचे प्रश्न : आयर्लंडमधला नाताळ

प्रश्न : ताई, लेक-जावई डब्लिनला असतात. यंदा नाताळला आम्ही दोघं तिकडे जाणार आहोत. पण 25 डिसेंबरला तिथे सगळं बंद असतं म्हणे. मग 27 तारखेचं परतीचं तिकीट काढावं का?

उत्तर : मुळीच नको! 25 तारखेचं तुम्ही ऐकलंत ते खरं आहे. बस, ट्रेन, ट्राम, सगळं ठप्प. डब्लिनच्या विमानतळावरूनही त्या दिवशी प्रवासी विमानं सुटत नाहीत आणि पबना तर कायद्यानेच कुलूप. घरात जेवायचं आणि लोळायचं. फार तर डब्लिनजवळ सँडीकोव्हला समुद्रकाठच्या फॉर्टी फूट या जागी जा. गोठवणाऱ्या समुद्रात हौसेने उड्या मारणारी माणसं दिसतील. तुम्ही काठावर, स्वेटर घालून!

आदल्या संध्याकाळी मात्र खिडक्यांकडे लक्ष ठेवा. येशूच्या जन्मावेळी मेरी आणि जोसेफला आसरा मिळाला नव्हता, तसं आपल्या दारी होऊ नये म्हणून खिडकीत मेणबत्ती ठेवतात. ती पेटवायचा मान घरातल्या सगळ्यांत धाकट्याचा. 1990 मध्ये राष्ट्राध्यक्ष झालेल्या मेरी रॉबिन्सन यांनी देशाबाहेर गेलेल्या आयरिश लोकांसाठी आपल्या निवासस्थानाच्या खिडकीत दिवा कायम तेवत ठेवला, तो याच प्रथेला धरून. मला ही आयरिश लोकांची सर्वांत लाडकी रीत वाटते, कारण घर सोडून गेलेलं माणूस नाही असं कुटुंब त्या देशात शोधावं लागेल.

26 तारीख सेंट स्टीफन या ख्रिस्ती हुतात्म्याची. जमलं तर देशाच्या नैऋत्येला केरी परगण्यातल्या डिंगल गावी जा. गवताचे पोशाख, चेहऱ्यावर मुखवटे, ढोल आणि बासऱ्या घेऊन टोळ्या गावभर फिरतात. पूर्वी रेन नावाचा चिमुकला पक्षी खरोखर मारून काठीला बांधत आणि त्याच्या अंत्यविधीच्या नावाखाली दारोदार पैसे मागत. या बिचाऱ्याने सेंट स्टीफनला पकडून दिलं, असं एक दंतकथा सांगते. आता पक्षी खोटा असतो आणि जमलेले पैसे बहुधा एखाद्या चांगल्या कामाला जातात. तरी गोंगाट असा, की कानात कापूस ठेवलेला बरा.

तिकीट मात्र 7 जानेवारीनंतरचं काढा. 6 तारखेला नॉलिग ना मान, म्हणजे बायकांचा नाताळ. मूळचा कॉर्क आणि केरीकडचा, आता डब्लिनमध्येही रुळलाय. महिनाभर राबलेल्या बायका त्या दिवशी स्वयंपाकघरात पाऊल टाकत नाहीत. मैत्रिणी जमवून उरलेला केक आणि चहा घेत बसायच्या, आता हॉटेलात जेवायला जातात. घरचं सगळं पुरुषांनी बघायचं. सजावट उतरवतात तीही याच दिवशी, त्याआधी काढणं अशुभ मानतात.

तेव्हा जावयांना आत्ताच कळवून ठेवा, त्या दिवशी भांडी त्यांच्याकडे. आणि तुमच्या 'ह्यां'नाही.