आधी बास ऐका : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : गायिका फॉन्टेला बासबरोबरचा 'आर्ट एन्सेम्बल ऑफ शिकागो' या अमेरिकी जॅझ गटाचा अल्बम घेतला, पण 'तेम द योयो' हे गाणं त्यात नाही. अपुरी आवृत्ती मिळाली का?

उत्तर : आवृत्ती पुरी आहे, अल्बम दुसरा आहे. या मंडळींनी १९७० मध्ये फ्रान्समध्ये फॉन्टेलाला घेऊन दोन अल्बम केले. एकाच्या नावातच तिचं नाव आहे. त्यात दोनच लांबलचक रचना आहेत, तबकडीच्या एकेका बाजूला एक. 'योयो' आहे 'ले स्तांस आ सोफी'मध्ये. मोशे मिझराही यांच्या याच नावाच्या चित्रपटाचं ते संगीत. घेताना मुखपृष्ठावरच्या नावावर जाऊ नका, गाण्यांची यादी वाचा. 'योयो' त्यात पहिलंच आहे. दुसरा अल्बम आता घरात आहेच, तर परत करू नका. तो उशिरा उलगडतो, इतकंच.

प्रश्न : 'योयो' मोबाइलवर ऐकलं. नुसता कल्लोळ वाटला. काय चुकतंय?

उत्तर : मोबाइल चुकतोय. हे गाणं उभं आहे गटातल्या मलाकाय फेवर्सच्या डबल बासवर, म्हणजे खालच्या सुरांच्या मोठ्या तंतुवाद्यावर. या वाद्याच्या सर्वांत खालच्या तारेचा सूर ४१ हर्ट्झच्या आसपास असतो आणि मोबाइलच्या इवल्या स्पीकरला तिथवर उतरता येत नाही. पाया गेला की वर उरतो तो कल्लोळच. बरे हेडफोन लावा. पहिल्यांदा फक्त बासची फिरणारी ओळ धरा, बाकी कानाआड करा. दुसऱ्यांदा डॉन मोयेचे ड्रम्स तिला जोडा. तिसऱ्यांदा ट्रम्पेट-सॅक्सोफोनकडे वळा. ही वाद्यं मिळून धून वाजवतात, मग बांध फुटल्यासारखी सुटतात आणि पुन्हा धुनेवर येतात. बास मनात पक्का असेल तर ते परतणं अंगावर काटा आणतं.

हा ठेकाही सहज आलेला नाही. १९६९ मध्ये गट पॅरिसला गेला तेव्हा त्यांच्यात ड्रमर नव्हता. घंटा, झांजा, शिट्ट्या असली लहानसहान वाद्यं चौघं आपसांत वाटून घेत. मोये १९७० मध्ये आला आणि असं सलग धावणारं गाणं त्यांना पेललं.

प्रश्न : 'रेस्क्यू मी' गाणारी फॉन्टेला बास हीच का?

उत्तर : हीच. १९६५ चं ते गाणं अमेरिकेत खूप गाजलं. या अल्बमांच्या वेळी गटाचा ट्रम्पेटवादक लेस्टर बोवी तिचा नवरा होता. आई मार्था बास गॉस्पेल, म्हणजे चर्चमधली भक्तिगीतं गाणारी गायिका. त्यामुळे सगळे सुटलेले असतानाही सूर घट्ट धरून ठेवणारा आवाज तिच्या घरातलाच.

प्रश्न : आमच्या गटात दोन सॅक्सोफोन, ट्रम्पेट, बास, ड्रम्स आणि पाहुणी गायिका आहे. एकाच खोलीत ध्वनिमुद्रण केलं, पण गायिकेचे शब्दच कळत नाहीत.

उत्तर : तिच्या माइकमध्ये ड्रम्स आणि ट्रम्पेट शिरत असणार. मग तिचा आवाज चढवला की तेही चढतात. कार्डिऑइड माइक घ्या आणि त्याची पाठ थेट ड्रम्सकडे करा, कारण हा माइक मागून सर्वांत कमी ऐकतो. गायिकेचं तोंड माइकपासून १५ सेंटिमीटरवर असेल, तर शेजारचा माइक किमान ४५ सेंटिमीटर दूर हवा. ट्रम्पेटच्या बाबतीत त्याहूनही लांब जा आणि त्याचं तोंड तिच्याकडे नको.

तरी निम्मं काम वाजवणाऱ्यांचं आहे. व्यंजनं ऐकू येतात ती साधारण २ ते ४ किलोहर्ट्झच्या पट्ट्यात, आणि जोरात फुंकलेला ट्रम्पेट नेमका तिथेच तळपतो. म्हणून ओळ चालू असताना फुंकवाद्यं गप्प किंवा खालच्या सप्तकात. ओळ संपली की मोकाट. मोकळा भाग मात्रा मोजून संपवू नका, हमखास कुणीतरी चुकतं. परतीची खूण एकाच्याच हाती द्या, शक्यतो बासवाल्याच्या. त्याने मूळ ओळ पुन्हा धरली की दोन आवर्तनं सगळ्यांनी जुळवून घ्यायचं, तिसऱ्याला गायिकेने उचलायचं.