शॉर्ट फिल्मवर पोट भरेल का, आणि स्वतःची स्टाइल कशी सापडते?

तू लिहिलंयस की मोबाईलवर दोन शॉर्ट फिल्म केल्या, मित्रांना आवडल्या पण तुझी अशी स्टाइल कुठे दिसत नाही म्हणाले, मग आता मोठा कॅमेरा घेऊ का आणि यातच करिअर होईल का.

आधी पैशाचं सांगते. नुसत्या शॉर्ट फिल्मवर घर चालवणारे डायरेक्टर फार थोडे, बाकीचे एडिटिंग, जाहिराती, असिस्टंटचं काम करून कमावतात आणि शॉर्ट फिल्म दाखवून पुढचं काम मिळवतात. त्यामुळे एडिटिंग आत्ताच पक्कं शिकून घे, रोजी त्यावर निघेल आणि डायरेक्शनही सुधारेल.

आता स्टाइल. न्यूझीलंडची डायरेक्टर जेन कॅम्पियन, तिची शॉर्ट फिल्म 'पील' बघ, फ्रान्सच्या कान फिल्म फेस्टिव्हलला १९८६ मध्ये शॉर्ट फिल्मचा पाम द'ओर, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार, मिळालेली, पुढे १९९३ मध्ये 'द पियानो'मुळे मोठा पाम द'ओरही मिळाला तिला. 'पील'मध्ये आहे काय, तर गाडीत बाप, मुलगा आणि आत्या, मुलगा संत्र्याची सालं बाहेर टाकतो, बाप गाडी थांबवून ती उचलून आणायला लावतो, आणि भांडण वाढतच जातं! एवढ्याशा भांडणात अख्खं घराणं कळतं. कॅमेरा कोणाजवळ ठेवायचा, कट कधी मारायचा, काय दाखवायचंच नाही, हे तू पुन्हापुन्हा जसं ठरवतोस त्यातून स्टाइल दिसायला लागते, कलर ग्रेडिंगने, म्हणजे शूटनंतर चित्राचे रंग बदलून, ती येत नाही. म्हणून एकच पानभर सीन तीनदा शूट कर, एकदा दारातून सलग, एकदा फक्त ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर, एकदा डायलॉगशिवाय. तिन्ही एडिट करून आठवड्याने बघ, तुझा कल कुठे आहे ते तुलाच दिसेल.

कॅमेरा विकत नको घेऊस, लागला तर भाड्याने आण. पैसे साउंडवर घाल. चित्र थोडं कच्चं चालून जातं पण डायलॉग नीट ऐकू आला नाही की प्रेक्षक सुटलाच, आणि प्रत्येक लोकेशनवर सगळ्यांना गप्प करून अर्धा मिनिट तिथली नुसती शांतता रेकॉर्ड कर, एडिटमध्ये कट झाकायला तीच लागते.

फेस्टिव्हल आणि पुरस्कारांचं म्हणशील तर ऑस्करला ४० मिनिटांपर्यंतची शॉर्ट फिल्म चालते, कानला १५ पर्यंतची, पण तू तिसरी फिल्म दहाच्या आतच ठेव. कोणाचं गाणं लेखी परवानगीशिवाय वापरू नकोस, आणि ऑनलाइन टाकण्याआधी ज्या फेस्टिव्हलला पाठवायचीय त्यांचे प्रीमियरचे नियम वाच, काही ठिकाणी आधी अपलोड केलेली फिल्म घेतच नाहीत.