शाळेत भयपट करताय? रक्ताचं नंतर बघू, आधी कागद

तुमची पोस्ट वाचली आणि पोटात गोळाच आला. दहावीच्या वर्गात छळ झालेला मुलगा, त्याचा मृत्यू, वर्षभराने सूड. सगळं दहा-बारा लाखांत, मेच्या सुट्टीत, एकाच शाळेत. आणि प्रश्न काय, तर ‘मुख्याध्यापक हो म्हणालेत, रक्त स्वस्तात कसं करायचं?’

रक्त होईल हो. मला भीती त्या ‘हो म्हणालेत’ची वाटते.

खासगी शाळेची इमारत मुख्याध्यापकांची नसते, संस्थेची असते. अशाच एका फिल्मचं प्रॉडक्शन मी सांभाळत होतो. (नाव-गाव विचारू नका, सांगणार नाही.) मुख्याध्यापक भला माणूस, शिक्क्यासकट पत्र दिलं. संस्थेच्या ऑफिसात मात्र अर्ज घेतला, पोच दिली नाही. साहेब मीटिंगला गेलेत, ठराव व्हायचाय, पुढच्या सोमवारी या. मग म्हणाले, शिक्षण खात्याचं ना-हरकत आणा. खात्यात गेलो तर तिथे उत्तर, इमारत संस्थेची, आम्ही कशाला देऊ? दरम्यान ‘इमारत निधी’ म्हणून आमच्याकडून पैसे घेऊन झाले होते. पावती तत्परतेने फाडली, हे मान्य करायला हवं.

मुख्याध्यापकांच्या पत्राच्या भरवशावर शूटिंग सुरू झालं. आर्टवाल्याने व्हरांड्यात, माजी मुख्याध्यापकांच्या रांगेत, आमच्या गोष्टीतल्या मेलेल्या मुलाचा युनिफॉर्ममधला फोटो हार घालून टांगला. नेमके तेव्हाच संस्थेचे एक पदाधिकारी चक्कर मारायला आले. ‘आमच्या शाळेत पोरगं मेलं असं दाखवणार? जूनमध्ये ॲडमिशन कोण घेईल?’ संध्याकाळपर्यंत लाइट्स गेटबाहेर. त्यांची भीती अगदीच खोटी नव्हती, पण गोष्ट अर्जाला जोडलेली होती. कुणी उघडून पाहिली नव्हती, एवढंच. पैसे परत मागितले तर म्हणाले, देणगी परत होत नसते.

अर्धा प्रसंग व्हरांड्यात झालेला, वर्गातला बाकी. झालेल्या भागातल्या क्लोजअपमध्ये बाकाच्या पाठीवर ‘१९८७च्या बॅचकडून सप्रेम भेट’ ठसठशीत दिसत होतं. एका बंद पडलेल्या क्लासच्या हॉलमध्ये पेंटरकडून बाकावर तीच अक्षरं, तिरक्या ‘प्रे’सकट, रंगवून घेतली. तिथे खिडक्यांना गजांऐवजी सरकत्या काचा होत्या, म्हणून काळा कागद लावून दुपारचा प्रसंग रात्रीचा केला. पडद्यावर कुणाला कळलं नाही. निर्मात्याच्या खिशाला कळलं.

म्हणून, ठरावाची प्रत हातात आल्याशिवाय ॲडव्हान्स देऊ नका. पैसे भाडं म्हणून द्या, करार करून, देणगी म्हणून मुळीच नाही. गोष्टीच्या सारांशावर पदाधिकाऱ्यांची सही घ्या आणि त्यात ‘मृत्यू’, ‘भूत’ हे शब्द स्पष्ट लिहा. ‘सामाजिक आशयाचा चित्रपट’ वगैरे गोड लिहाल तर भोगाल. शाळेचं नाव, बोधचिन्ह दिसणार नाही हेही लिहून द्या. आणि मेमध्ये मैदान लग्नाला दिलंय का ते विचारा, नाहीतर तुमच्या भुताच्या एन्ट्रीला बँड वाजेल.

कलाकारांबद्दल माझं मत ठाम आहे: अठरा पूर्ण झालेलेच घ्या, जमलं तर गोष्ट बारावीत न्या. चौदाखालचं मूल घेतलंत तर जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी, दिवसाला जास्तीत जास्त ५ तास काम, सलग ३ तासांपेक्षा जास्त नाही, मानधनातले किमान २० टक्के मुलाच्या नावे मुदत ठेवीत. नियम योग्यच आहेत, पण तुमच्या रात्रीच्या शेड्यूलमध्ये बसणार नाहीत. (मी वकील नाही, नियम एकदा स्वतः तपासा.) वय खटकेल असं वाटत असेल तर ‘कॅरी’ हा हॉलिवूडचा भयपट बघा. १९७६च्या त्या फिल्ममध्ये शाळकरी मुलगी झालेली सिसी स्पेसेक सव्वीस वर्षांची होती.

पोस्टमधली काळी मांजर आजच कापा. जनावर आलं की ॲनिमल वेल्फेअर बोर्डाची परवानगी आली. मांजरीचा आवाज पुरतो.

सेन्सॉरचं थोडक्यात: आता यूए (मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाने बघायचं) यात ७+, १३+, १६+ असे टप्पे आहेत. ‘ए’ (फक्त प्रौढांसाठी) मिळालं तर फिल्म तशीच्या तशी टीव्हीवर जात नाही, म्हणून टीव्हीचे पैसे गृहीत धरून बजेट मांडू नका. छळाचा भाग नीट लिहा, सूड थोडक्यात आटपा. कमी बजेटमध्ये प्रेक्षक घाबरतो तो त्या पोराची बाजू पटल्यावर, मुखवटा बघून नाही. अर्थात हे माझं मत, दिग्दर्शक तुम्ही.

आता रक्त. ‘कॅरी’त कॉर्न सिरप आणि खायचा रंग होता, आपल्याकडे लिक्विड ग्लुकोज चालतं. चिमूटभर कोको घाला, नाहीतर सरबत दिसतं. आधी भिंतीच्या कोपऱ्यात लावून बघा, डिस्टेंपरवरचा डाग निघत नाही आणि रंगाचा खर्च तुमच्या माथी येतो. मुंग्यांसाठी लक्ष्मणरेषा खडू ठेवा.

अजून एक फुकटची युक्ती त्याच फिल्ममधली. शेवटच्या स्वप्नाच्या प्रसंगात एमी अर्विंग या नटीला उलटं चालायला लावून शूट केलं आणि फिल्म उलटी फिरवली. चाल विचित्र दिसते, पण का ते चटकन कळत नाही. मोबाइलवरही जमतं. फक्त मागे रस्ता येऊ देऊ नका. त्यांच्या शॉटमध्ये मागची गाडी उलटी जाताना दिसते.

कराराचा मसुदा माझ्याकडे आहे, नावं खोडून पाठवतो. तुमची शाळा अनुदानित आहे की विनाअनुदानित, तेवढं कळवा.