वाचकांचे प्रश्न : कोरे-एदा मालिका का करतात?

प्रश्न : दरवर्षी पणजीच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाला आम्ही काही मित्र नेमाने जातो. यंदा जपानी दिग्दर्शक हिरोकाझू कोरे-एदा यांचा विषय निघाला. कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक मिळवलेल्या दिग्दर्शकाने पुन्हा मालिकांकडे वळणे ही उतरण नव्हे काय?
– एक वाचक, म्हापसा

उत्तर : मुळीच नाही. दूरचित्रवाणी ही चित्रपटाकडे नेणारी खालची पायरी होय, हा आपल्याकडे रुजलेला समज कोरे-एदांना लावता येत नाही. १९६२ साली टोकियोत जन्मलेल्या या दिग्दर्शकाने वासेदा विद्यापीठातील शिक्षणानंतर ‘टीव्ही मॅन युनियन’ या निर्मितीसंस्थेत प्रवेश केला आणि माहितीपट केले. १९९१ च्या एका माहितीपटात नागानो प्रांतातील प्राथमिक शाळेची मुले एक कालवड वाढवतात. पुढे ती गाय होते, पण तिचे वासरू मृत जन्मते, आणि त्या दुःखातही मुलांना तिचे दूध काढावेच लागते. मुलांना काय वाटावे हे सांगायला न जाता त्यांच्याकडे धीराने पाहत राहण्याची कोरे-एदांची वृत्ती मला इथेच प्रथम दिसते.

‘माबोरोशी’ या १९९५ च्या पहिल्या कथाचित्रपटानंतर आलेल्या ‘आफ्टर लाइफ’मध्ये मृत व्यक्तींना आयुष्यातील एकच आठवण निवडून सोबत न्यायची असते. त्यासाठी कोरे-एदांनी शेकडो सामान्य माणसांच्या मुलाखती घेतल्या आणि त्यांतील काहींना, नटांच्या बरोबरीने, पडद्यावर स्वतःचीच आठवण सांगायला बसवले. ‘नोबडी नोज’ (२००४) मध्ये त्यांनी बालकलाकारांच्या हाती संहिता दिलीच नाही. संवाद चित्रीकरणाच्या वेळी तोंडी सांगितले जात. त्यातील युया यागिरा कानमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेता ठरला, तेव्हा तो अवघा चौदा वर्षांचा होता.

ज्या सर्वोच्च पारितोषिकाचा आपण उल्लेख करता, ते ‘पाम दोर’ त्यांच्या ‘शॉपलिफ्टर्स’ या चित्रपटाला २०१८ मध्ये मिळाले. पण त्याच्या कितीतरी आधी, २०१२ मध्ये, त्यांनी ‘गोइंग माय होम’ ही मालिका केली होती. म्हणजे दोन्ही कामे बरोबरीनेच चालत आली आहेत. अलीकडची ‘असुरा’ (२०२५) आपण अवश्य पाहावी. वडिलांचे गुपित उघड झाल्यावर चार बहिणींच्या संसारांत काय काय ढवळून निघते, ते सांगणारी ही मालिका कुनिको मुकोदा या लेखिकेने १९७९ साली जपानी दूरचित्रवाणीसाठी लिहिलेल्या मालिकेवर बेतलेली आहे. दूरचित्रवाणीला कमी लेखणारा दिग्दर्शक चार दशकांपूर्वीची मालिका इतक्या आस्थेने पुन्हा हाती घेणार नाही.