घरी लॅपटॉपवर ईसीयू (इंजिनाचा कॉम्प्युटर) ट्यून करायला कोणतं सॉफ्टवेअर घ्यावं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: २०१४ची डिझेल स्विफ्ट आहे, नागपुरातच फिरते, २००० आरपीएमच्या खाली गाडी झोपलेली वाटते, आणि टेलिग्रामवर कुणीतरी दीड हजारात 'सगळी ट्यूनिंग सॉफ्टवेअर, क्रॅकसकट' द्यायला बसलाय. ती घेऊन घरीच रीमॅप, म्हणजे ईसीयूतले आकडे बदलणं, होईल का, आणि त्यातलं वापरायचं कोणतं?

नावं आधी सांगून टाकतो, कारण तो भाग सोपा आहे. यात कामं दोन असतात आणि विकणारे ती एकाच पुडीत बांधून देतात. पहिलं काम म्हणजे ईसीयूतली फाइल बाहेर काढणं आणि परत आत लिहिणं. ते टूल करतं, म्हणजे केबल, डबा आणि त्याचा ड्रायव्हर. इटलीच्या एलियनटेकचं केस (मराठीत लिहिलं की सलूनच आठवतं), के-टॅग, असली. दुसरं काम म्हणजे बाहेर आलेल्या फाइलमधले आकडे बदलणं. त्यासाठी जर्मनीच्या ईव्हीसीचं विनओएलएस, एलियनटेकचंच ईसीएम टायटेनियम, आणि हौशी लोकांत चालणारं ट्यूनरप्रो. धंदा करणारे बहुतेक विनओएलएसवर असतात. मूळ परवाना युरोत मोजावा लागतो आणि चेकसमचे (फाइलची बेरीज जुळवणारे) मॉड्यूल त्यावर वेगळे. एका स्विफ्टसाठी तो खर्च कुणी करत नाही, म्हणून तर ते दीड हजारवाले जगतात.

आता तुम्ही विनओएलएस मिळवलंत आणि फाइल उघडलीत असं धरू. समोर काय येतं? माझी गाडी २००४ची ऑक्टेव्हिया होती, १.९ टीडीआय, ९० पीएसवाली. तिच्यात बॉशचा ईडीसी१५ हा ईसीयू. फाइल बरोब्बर ५१२ केबी, म्हणजे सोळा बिटांचे २,६२,१४४ आकडे. ना नाव, ना गाव. आलेख स्वरूपात पाहिलं की लांबच लांब गवताळ पट्टा दिसतो आणि मध्येच व्यवस्थित पायऱ्यापायऱ्यांच्या टेकड्या. त्या टेकड्या म्हणजे मॅप, कोणत्या वेळी किती काय द्यायचं त्याचे तक्ते. कोणती टेकडी बूस्टची (टर्बोने इंजिनात दाबलेल्या हवेची) आणि कोणती धुराची, हे सॉफ्टवेअर आपणहून सांगत नाही. ते सांगते डॅमॉस नावाची वेगळी फाइल, आणि ती तुमच्या ईसीयूच्या सॉफ्टवेअर नंबरशी अक्षर न् अक्षर जुळावी लागते. टेलिग्रामच्या गाठोड्यात डॅमॉस शेकड्यांनी असतात. तुमचा असेलच असं नाही. जवळपासचा नंबर लावला तर पत्ता थोडा सरकतो आणि तुम्ही बूस्ट समजून भलतंच काहीतरी वाढवून ठेवता.

एक टेकडी जवळून दाखवतो, म्हणजे मी काय म्हणतोय ते कळेल. ईडीसी१५च्या धुराच्या मॅपमध्ये एका बाजूला आरपीएम, दुसऱ्या बाजूला सिलिंडरमध्ये दर स्ट्रोकला आलेली हवा मिलिग्रॅममध्ये, आणि मधल्या चौकटीत डिझेल किती मिलिग्रॅम सोडायला परवानगी आहे तो आकडा. समजा हवा ८५० आणि डिझेल ५०, तर प्रमाण १७ला १. डिझेल पूर्ण जळायला कागदावर साधारण १४.५ला १ पुरतं, पण डिझेल इंजिनात हवा आणि इंधन नीट मिसळायला वेळच मिळत नाही, म्हणून १४.५च्या बरंच आधी काळा धूर सुरू होतो. कंपनीने तो १७-१८चा आकडा ठेवलेला असतो तो उगाच नाही. 'स्टेज वन' म्हणजे पहिल्या पायरीच्या रीमॅपच्या नावाखाली कित्येक जण हीच टेकडी माउसने उचलून वीस टक्के वर नेतात. गाडी पळते, हो. मागच्या बंपरची उजवी बाजू महिनाभरात काजळीने माखते.

मी शिकलो ते नुकसान करूनच. २०१२चा मे, रविवार दुपार, मनीषनगरला घरापुढच्या कडुलिंबाखाली गाडी. केबल नकली, ऑनलाइन मागवलेली. इग्निशन चालू ठेवून फाइल वाचली, मग तिथेच सीटवर बसून पाऊण तास आकडे बदलत बसलो. इग्निशन तसंच. आई पन्हं देऊन गेली, मी ग्लास डॅशबोर्डवर ठेवला आणि 'राइट'चं बटण दाबलं. पट्टी ७१ टक्क्यांपर्यंत गेली आणि थांबली. मीटरवरचे दिवे एकदा मंद झाले. बॅटरी तीन वर्षांची, त्यात पाऊण तास इग्निशन. व्होल्टेज पडलं आणि लिहिणं अर्ध्यात तुटलं. त्यानंतर स्टार्टर मारला की इंजिन नुसतं फिरायचं. ग्लोप्लगचा दिवाही लागेना, टूलला ईसीयू दिसेना.

वायपरखालचं प्लास्टिक काढून ईसीयू बाहेर घेतला, पिशवीत घातला आणि स्कूटरवर वाडी गाठली. तिथे ट्रकचे ईसीयू दुरुस्त करणारा एक जण होता. त्याने डबा हातात घेऊन उलटासुलटा केला आणि पहिला प्रश्न विचारला, "चार्जर लावला होता का?"
"नाही."
"मंग काय होईन!"
दुसरा प्रश्न, "ओरिजिनल फाइल हाय ना?"
ती होती. त्या दिवशी मी केलेली तेवढी एकच शहाणपणाची गोष्ट. त्याने हॉट गनने झाकणाचा गोंद मऊ केला, झाकण उचकटलं, फ्लॅश चिपचा एक पाय ग्राउंडला टेकवून ईसीयूला बूट मोडमध्ये आणलं आणि मूळ फाइल थेट लिहिली. वीस मिनिटं लागली. चार हजार घेतले, घासाघीस करायचं तोंड मला नव्हतं.

नंतर एकदा चेकसमही विसरलो होतो. आकडे बदलले की फाइलची बेरीज बदलते, ती दुरुस्त करून लिहावी लागते. नाहीतर काही ईसीयू पी०६०१ कोड दाखवतात, काही गाडीच सुरू होऊ देत नाहीत. क्रॅक प्रतींमध्ये नेमकं चेकसमचंच मॉड्यूल लंगडं असतं. शिवाय ते जुने क्रॅक व्हर्च्युअल मशीनमध्ये जुनं विंडोज टाकून चालवायचे असतात. ज्या लॅपटॉपवर तुमचं नेट बँकिंग आहे त्यावर तर अजिबात नको.

आता तुमच्या गाडीकडे येतो. तुमच्या तक्रारीचं औषध फाइलमध्ये नाहीच. १.३ लिटरचं ते फियाटचं मल्टिजेट इंजिन, ७५ पीएस, टॉर्क (ओढण्याचा जोर) १९० न्यूटन मीटर आणि तोही २००० आरपीएमला. टर्बो साधा, फिक्स्ड जॉमेट्रीचा, म्हणजे वेगानुसार पाती न वळवणारा. टर्बो फिरतो एक्झॉस्टच्या जोरावर, आणि १५००ला एवढ्याशा इंजिनातून तेवढा एक्झॉस्ट येतच नाही. हवाच नाही म्हणून ईसीयू डिझेल कमी सोडतो. तिथे तुम्ही डिझेल वाढवलंत तर ताकद नाही, धूर वाढेल. रीमॅपचा खरा फायदा २०००च्या वर दिसतो, जिथे गाडी आधीच चांगली ओढते. परिणाम असा की वरचा धक्का मोठा होतो आणि खालचा सुस्तपणा तुलनेने आणखी जाणवतो. माझ्या एका मित्राने नेमकं हेच करून घेतलं आणि आता तो बर्डीच्या ट्रॅफिकमध्ये पूर्वीपेक्षा जास्त शिव्या देतो.

म्हणून आधी हे बघा. इंटरकूलरचे होस कुठे फाटलेत का? एकाला जोरात ॲक्सिलरेटर द्यायला सांगा आणि बॉनेटजवळ कान लावा, फुसफुस ऐकू येते. ईजीआर व्हॉल्व्ह (थोडा एक्झॉस्ट परत इंजिनात सोडणारा) आणि इनटेक (हवा आत जायचा मार्ग) काजळीने किती बुजलाय? दहा वर्षांची शहरात फिरलेली डिझेल गाडी म्हटली की तिथे डांबर साचलेलं असतंच. एअर फिल्टर तर आपल्याकडच्या धुळीत पुस्तिकेतल्या अंतराच्या आधीच बदलायला हवा. माझ्या ऑक्टेव्हियात 'रीमॅपने आलेली' ताकद म्हणून मी जी मिरवत होतो, तिच्यातली निम्मी इनटेक साफ केल्यामुळे होती, हे मला वर्षभराने कळलं.

पैसे खर्च करायचेच असतील तर आधी लॉगिंगवर, म्हणजे चालत्या गाडीतले आकडे नोंदवण्यावर करा. फोक्सवॅगन गटाच्या गाड्यांना (स्कोडाही त्यातच) रॉस-टेकचं व्हीसीडीएस हे तपासणीचं सॉफ्टवेअर आहे. त्यात माझ्या गाडीला ग्रुप ००८ उघडला की तीन आकडे शेजारी शेजारी यायचे: पायाने मागितलेलं डिझेल, टॉर्कच्या मर्यादेत बसणारं डिझेल आणि धुराच्या मर्यादेत बसणारं डिझेल. तिघांत जो सर्वात लहान, त्याचंच चालतं. ग्रुप ०११मध्ये मागितलेला बूस्ट आणि प्रत्यक्षातला बूस्ट. हे दोन लॉग वाचता आले की गाडीला कोण अडवतंय ते समजतं, आणि ते समजल्याशिवाय फाइल उघडण्यात अर्थ नाही. स्विफ्टला व्हीसीडीएस चालणार नाही, पण बऱ्यापैकी ईएलएम३२७ ॲडॅप्टर (गाडीचे आकडे फोनवर पाठवणारा) आणि टॉर्क नावाच्या ॲपवर आरपीएम, मॅनिफोल्डचा (इंजिनात शिरणाऱ्या हवेचा) दाब आणि इनटेकचं तापमान एवढं दिसलं तरी सुरुवातीला पुष्कळ.

याच लॉगमुळे मला आपल्या उन्हाळ्याची गंमत कळली. डिसेंबरात पहाटे वर्धा रोडवर तिसऱ्या गिअरमध्ये पूर्ण ॲक्सिलरेटर देऊन लॉग घेतला, तेव्हा सर्वात लहान आकडा टॉर्कच्या मर्यादेचा होता. मे महिन्यात दुपारी त्याच रस्त्यावर तोच प्रयोग केला, तर धुराची मर्यादा खाली आलेली. फाइल तीच, गाडी तीच. १५ अंशांवरची हवा ४५ अंशांवर गेली की त्याच दाबाला नऊ-साडेनऊ टक्क्यांनी विरळ होते. हवा मोजणारा सेन्सर तेवढी कमी हवा सांगतो आणि धुराचा मॅप मुकाट डिझेल कापतो. कंपनीच्या माणसांनी हे सगळं धरून आकडे भरलेत. पुण्यात थंडीच्या दिवसांत कुणीतरी बनवलेली 'तयार फाइल' मात्र तुमच्या हिंगणा रोडवरच्या मेसाठी बनलेली नसते. धुराची टेकडी सपाट करून टाकली असेल तर ईसीयूला कापायला काही उरतच नाही; डिझेल जातं, हवा नसते, एक्झॉस्टचं तापमान चढतं. शहरात दोन मिनिटांत सिग्नल येतो, चालून जातं. समृद्धीवर १२०ने दोन तास सलग हाणली की टर्बोला श्वास घ्यायला जागा मिळत नाही. एसीही फुल असतोच.

कायद्याचं थोडक्यात. मोटार वाहन कायदा १९८८च्या कलम ५२नुसार आरसीवरच्या तपशिलाशी न जुळणारा बदल चालत नाही, आणि २०१९च्या दुरुस्तीनंतर मालकाने नियमाबाहेर बदल केला, सुटे भाग बसवून केलेलाही त्यातच, तर दर बदलामागे ५००० रुपये दंड, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही अशी तरतूद आली. रस्त्यावरचा हवालदार तुमची फाइल वाचणार नाही हे खरं. पण पीयूसीचं मशीन धूर वाचतं: बीएस-४ डिझेलला मर्यादा १.६२ प्रति मीटर, त्याआधीच्याला २.४५. तुमची गाडी कोणत्या गटात ते आरसीवर बघाच, कारण २०१० साली बीएस-४ ज्या तेरा शहरी भागांत आधी आलं त्यांत पुणे होतं, सोलापूरसुद्धा होतं, नागपूर नव्हतं. आणि 'ईजीआर ऑफ करून देतो' म्हणणाऱ्याला तिथूनच नमस्कार करा. मोठा अपघात झाला आणि विमा कंपनीने ईसीयू तपासायला काढला, तर तो वाद तुम्हाला एकट्याला निस्तरावा लागेल.

शिकायचीच हौस असेल तर तिला मी नाही म्हणणार नाही, मला स्वतःला तो किडा आहे. पण सुरुवात तुमच्या रोजच्या गाडीवर नको. ट्यूनरप्रो उतरवून घ्या, एखाद्या जुन्या ईडीसी१५ची फाइल आणि तिची एक्सडीएफ (कोणता मॅप कुठे आहे ते ट्यूनरप्रोला सांगणारी फाइल) मिळवा, आणि नुसत्या टेकड्या ओळखायला शिका. गाडीला हात न लावता महिनाभर पुरेल एवढं काम आहे त्यात. त्यापुढे जायचं तर अर्दुइनो मेगा या छोट्या सर्किट बोर्डवर चालणारं स्पीडुइनो, म्हणजे घरी बनवायचा ईसीयू, आणि त्याच्याबरोबर ट्यूनरस्टुडिओ हे सॉफ्टवेअर. टेबलावर सेन्सरच्या जागी पोटेन्शिओमीटर (फिरवून सिग्नल कमीजास्त करायचा नॉब) लावून इंजेक्टरची पल्स बदलताना बघता येते. भंगारातलं एखादं छोटं पेट्रोल इंजिन मिळालं तर त्यावर बसवा. बिघडलं तर सोमवारी ऑफिसला जायची पंचाईत होणार नाही.

आणि एवढं सगळं ऐकूनही स्विफ्टवर लिहायचंच ठरवलंत, तर आधी मूळ फाइल दोनदा वाचा, दोन्ही प्रती बाइट न् बाइट सारख्या आहेत का ते तपासा, एक पेनड्राइव्हवर ठेवा. लिहिताना बॅटरीला चार्जर, लॅपटॉपला चार्जर, दिवे आणि ब्लोअर बंद. आणि ते दुपारी दोनला नको.

होस आणि इनटेक बघून झालं की तिसऱ्या गिअरमध्ये १२०० ते ३५०० आरपीएमचा, मॅनिफोल्ड दाबासकट एक लॉग घ्या, रस्ता मोकळा असताना आणि शेजारी कुणी बसलेलं असताना. इथे कमेंटमध्ये टाका. दाब २०००ला कुठवर पोचतो ते पाहून पुढचं बोलू.