बाळंतपणाच्या रजेनंतर नोकरीवर परतणाऱ्या आयांवर एखादी विनोदी मालिका आहे का?

आहे की! ‘वर्किन मॉम्स’ बघा. कॅनडातली, टोरांटोत घडणारी. २०१७ ते २०२३, ७ सीझन. मालिका कॅथरीन राइटमनची, मुख्य भूमिकाही तिचीच, आणि पडद्यावरचा नवरा तिचा खराखुरा नवरा.

तिकडे रजा वर्षभराच्या आसपास मिळते, आपल्याकडे २६ आठवडे. पण हाल ओळखीचेच. मी हिंजवडीत परत रुजू झाले तेव्हा बाळ कोथरूडच्या पाळणाघरात आणि मी मीटिंग रूमला आतून कडी घालून दूध काढत बसलेली, बाहेर कोणीतरी दार ठोठावतंय! त्यामुळे पंपाचे प्रसंग बघताना हसू आणि रडू एकदमच आलं.

विनोद चांगलाच चावट आहे हं. सासूबाईंसमोर हॉलमध्ये लावू नका. मी लावली होती.