‘पास्कोला’ म्हणजे ईस्टरचा नाच नव्हे

प्रश्न असा आलाय: मेक्सिकोतल्या याकी लोकांच्या ‘पास्कोला’ नाचाचं नाव ‘पास्का’वरून, म्हणजे ईस्टरवरून पडलं का?

आधी ते ‘ईस्टर डान्स’ हे भाषांतर थांबवा, ऐकून ऐकून कान किटलेत. पास्कोला म्हणजे नाचणारा माणूस. याकी भाषेत ‘पाह्को’ म्हणजे समारंभ आणि ‘ओओला’ म्हणजे म्हातारा, समारंभातला म्हातारा. त्याच्या पायांना पतंगाच्या रिकाम्या कोशांच्या माळा असतात, आत बारीक खडे. पाऊल पडलं की सळसळ. मयताला वर्ष झालं की सुतक फेडायला जो पाह्को करतात, त्यातही हा नाचतो. तिथं कुठून आला ईस्टर?

पण ‘शब्द अस्सल देशी, पास्काशी संबंधच नाही’ असं ठासून सांगणारे अभ्यासक तर जास्तच चुकतात. त्यांनी ‘वाएह्मा’ हा शब्द पाहावा. ईस्टरआधीच्या चाळीस दिवसांच्या उपवासाचं हे याकी नाव, मूळ स्पॅनिश ‘कुआरेस्मा’. ‘स्मा’चं ‘ह्मा’ झालं. मग ईस्टरचं स्पॅनिश नाव ‘पास्कुआ’, त्यातल्या ‘स्क’चं ‘ह्क’ का होणार नाही? पाह्को म्हणजे पास्कुआच! १६१७ साली जेझुइट पाद्री याकी नदीकाठी आले, त्यांच्याबरोबर हा शब्द आला. स्पॅनिशमध्ये नाताळलाही पास्कुआ म्हणतात. माझं ठाम मत आहे की अर्थ तिथंच सैल झाला होता, याकींनी तो सगळ्या समारंभांवर पसरवला. ज्यूंच्या सणाचं हिब्रू नाव ‘पेसाख’, त्याचंच हे गोत. पोर्तुगीजांमार्फत तोच शब्द गोव्यात ‘पास्कांचें फेस्त’ म्हणून नांदतो. मराठी बायबलनं मात्र पेसाखसाठी शब्द उसना न घेता ‘वल्हांडण’ केलं, वलांडणं म्हणजे ओलांडणं. काय सुरेख शब्द आहे!

खरा ईस्टर पाहायचा तर पुनरुत्थानाच्या आदल्या दिवशी, शनिवारी पाहावा. ख्रिस्ताला मारणाऱ्यांचं सोंग घेतलेले ‘फारिसेओ’, आपल्या बायबलातले परूशी, देवळावर तीनदा चाल करून येतात आणि त्यांच्यावर मारा होतो तो फुलापानांचा. कारण याकी म्हणतात, क्रुसावरून ख्रिस्ताचं रक्त जमिनीवर सांडलं आणि त्याची फुलं झाली. फुलाला त्यांचा शब्द ‘सेवा’. आपल्या सेवेशी कृपा करून नातं जोडू नका. फुलं उधळणाऱ्यांत पास्कोलाही असतो. हरलेल्यांचे मुखवटे आणि लाकडी तलवारी ख्रिस्ताला दगा देणाऱ्या यहूदाच्या पुतळ्याबरोबर जाळतात. पास्कोलाचा मुखवटा जळत नाही, तो पुढच्या पाह्कोला लागतो.